साक्ष, निवेदन आणि सोंग : संहारातून वाचलेल्याच्या कथनाचा नाट्यविचार

१. प्रास्ताविक

संहारातून वाचलेला माणूस आपली कहाणी सांगू लागतो तेव्हा त्या सांगण्याने त्याचे स्वतःचे काय होते, हा प्रश्न मराठी समीक्षेत फारसा विचारला गेलेला नाही. दलित आत्मकथनांच्या चर्चेत अनुभवाची दाहकता, अभिव्यक्तीचा प्रामाणिकपणा, भाषेचा अस्सलपणा हे निकष वारंवार योजले गेले. हे सर्व निकष वाचकाच्या बाजूचे आहेत. कथनाचा वाचकावर काय परिणाम होतो हे ते सांगतात. सांगणाऱ्याच्या पुढील जगण्याशी कथनाचा कोणता संबंध राहतो हे त्यांतून कळत नाही.

दुःख बोलून दाखविले की ते हलके होते, असा एक सर्वमान्य समज आहे. नाट्योपचाराची आधुनिक कल्पना बरीचशी याच समजावर उभी आहे. प्रस्तुत निबंधात या समजाची तपासणी दोन उदाहरणांच्या आधारे केली आहे. पहिले उदाहरण भंडारा जिल्ह्याच्या मोहाडी तालुक्यातील खैरलांजी येथे २९ सप्टेंबर २००६ रोजी झालेल्या हत्याकांडातून वाचलेले भैयालाल भोतमांगे यांचे. दुसरे १९९४ च्या रवांडातील वंशसंहारातून वाचलेल्या योलांद मुकागासाना यांचे. दोघांनीही जोडीदार आणि सर्व अपत्ये गमावली. दोघांनीही नंतरच्या आयुष्यात तीच कहाणी पुनःपुन्हा सांगितली. एकाचे कथन न्यायालयात, सभांत आणि वार्ताहरांसमोर झाले. दुसरीचे ग्रंथांतून आणि पुढे रंगमंचावरून झाले. या भेदातून जे हाती येते ते असे : कथनाला रचना आणि ऐकणाऱ्याला उत्तरदायित्व लाभते तेव्हाच कथन सांगणाऱ्याला सावरते. केवळ बोलण्याने ते साधत नाही.

२. संज्ञांची निश्चिती

विवेचनापूर्वी दोन संज्ञा स्पष्ट करणे अगत्याचे आहे. संयुक्त राष्ट्रांच्या ९ डिसेंबर १९४८ च्या करारानुसार एखाद्या राष्ट्रीय, वांशिक, वंशीय किंवा धार्मिक समूहाचा संपूर्ण वा अंशतः नाश करण्याच्या हेतूने केलेली कृत्ये म्हणजे वंशसंहार होय. रवांडातील संहाराला ही संज्ञा आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणाने १९९८ मध्ये लागू केली. खैरलांजीत एका कुटुंबातील चार व्यक्तींची हत्या झाली. कायद्याच्या अर्थाने तो वंशसंहार ठरत नाही. त्यासाठी ‘हत्याकांड’ हाच शब्द योग्य आहे. दोन घटनांची बरोबरी करण्याचा येथे हेतू नाही. तुलना आहे ती वाचलेल्या व्यक्तीच्या स्थितीची. जे घडले त्याला जो एकटा आतून साक्षी आहे, त्यालाच ते परक्या लोकांना पटवून द्यावे लागते. ही स्थिती दोन्हीकडे समान आहे.

दुसरा प्रश्न ‘बरे होणे’ या कल्पनेचा. मराठीत जखम ‘भरून येते’, तिच्यावर ‘खपली धरते’, पण व्रण राहतो. जुने दुःख बोलायला लावणे याला मराठी माणूस ‘खपली काढणे’ म्हणतो. म्हणजे कथनाने जखम भरते त्याप्रमाणे कथनानेच ती पुन्हा वाहू लागते, हे भाषेने आधीच नोंदवून ठेवले आहे. याखेरीज ‘सावरणे’ हे एक क्रियापद आहे. त्यात दुःख संपल्याचा दावा नाही. कोसळता कोसळता उभे राहणे एवढाच अर्थ आहे. येथील विवेचनास हाच शब्द अधिक अन्वर्थक वाटतो.

३. खैरलांजी : साक्षीचे कथन

खैरलांजीची हकिकत सर्वज्ञात असल्याने तिचा विस्तार अनावश्यक आहे. मात्र एक बाब प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने निर्णायक आहे. परिचयातील एका व्यक्तीला झालेल्या मारहाणीच्या प्रकरणात सुरेखा भोतमांगे आणि त्यांची मुलगी प्रियंका यांनी आरोपींविरुद्ध साक्ष दिली होती. ते आरोपी जामिनावर सुटले त्याच दिवशी, २९ सप्टेंबर रोजी, जमाव घरावर चालून गेला. सुरेखा, प्रियंका आणि सुधीर व रोशन हे दोन मुलगे मारले गेले. जमाव पाहून जीव वाचविण्यासाठी पळालेले भैयालाल तेवढे उरले.

येथे साक्ष देणे हेच संहाराचे निमित्त होते. कथनाच्या उपचारमूल्याविषयी लिहिणारे अभ्यासक बहुधा असे गृहीत धरतात की बोलणे सुरक्षित आहे आणि न बोलणे ही मनाची अडचण आहे. ग्रामीण जातिव्यवस्थेत हे गृहीतक टिकत नाही. जिथे खरे सांगितल्यामुळे माणसे मारली जातात, तिथे मौन हा मनोविकार नसून व्यवहारज्ञान असते. ज्युडिथ हर्मन यांनी १९९२ मधील आपल्या ग्रंथात आघातातून सावरण्याच्या तीन पायऱ्या मानल्या आहेत : सुरक्षितता, स्मरण व शोक, आणि जगाशी पुन्हा जोडले जाणे. यांतील सुरक्षिततेला त्यांनी पहिले स्थान दिले आहे, ही बाब खैरलांजीच्या संदर्भात विशेष लक्षात घ्यावी लागते. पहिली पायरी नसताना दुसरीवर उभे राहण्यास सांगणे हा अन्याय ठरतो.

हत्याकांडानंतर भैयालाल यांना कथन करणे भाग पडले. त्यांची साक्ष हा खटल्याचा एक आधार होता. भंडारा येथील विशेष न्यायालयाने सप्टेंबर २००८ मध्ये आठ आरोपींना दोषी ठरवून सहा जणांना फाशीची आणि दोघांना जन्मठेपेची शिक्षा सुनावली. जुलै २०१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने फाशी रद्द करून २५ वर्षांच्या कारावासाची शिक्षा ठरविली. दोन्ही न्यायालयांनी हत्या मान्य केल्या. त्यामागील सूडाचा हेतूही मानला. परंतु १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा या प्रकरणास लागू होतो, हे मान्य केले नाही.

साहित्याच्या परिभाषेत याचा अर्थ असा की कथेतील ‘काय घडले’ हे स्वीकारले गेले आणि ‘का घडले’ हे नाकारले गेले. भैयालाल आणि त्यांच्यासोबत उभी राहिलेली आंबेडकरी चळवळ यांच्या दृष्टीने जात हा या कथेचा कणा होता. कणा काढून घेतलेली कथा सांगणाऱ्याला परत मिळाली. निकालाच्या कायदेशीर योग्यायोग्यतेची चर्चा हा या निबंधाचा विषय नाही. मात्र न्यायालयीन कथनाची प्रकृती येथे उघड होते. न्यायालयात साक्षीदाराला कथेचा आरंभ निवडता येत नाही, क्रम ठरविता येत नाही आणि शेवट त्याच्या हाती नसतो. प्रश्न विचारला जाईल तेवढेच उत्तर, मधेच हरकत, उलटतपासणीत प्रत्येक तपशिलावर संशय. सत्यशोधनासाठी ही पद्धत आवश्यक आहे. पण ती सांगणाऱ्याला सावरण्यासाठी निर्माण झालेली नाही, आणि तिच्याकडून ती अपेक्षा बाळगणे व्यर्थ होय.

सभा आणि वृत्तपत्रे यांतील कथनाची अडचण निराळी आहे. तेथे सांगणाऱ्याबद्दल सहानुभूती असते, परंतु प्रत्येक नवा श्रोता कथा आरंभापासून मागतो. वर्षश्राद्धाप्रमाणे दर सप्टेंबरला तेच प्रश्न येतात. सांगणारा ‘प्रतीक’ बनतो, आणि प्रतीकाला थकण्याची मुभा नसते. भैयालाल भोतमांगे यांचे २० जानेवारी २०१७ रोजी नागपूर येथे हृदयविकाराने निधन झाले. दहा वर्षांहून अधिक काळ ते एकच कथा सांगत होते.

४. ‘रवांडा ९४’ : रंगमंचावरील साक्ष

रवांडात एप्रिल ते जुलै १९९४ या सुमारे शंभर दिवसांत आठ लाखांच्या आसपास माणसे मारली गेली. त्यांत बहुसंख्य तुत्सी होते. योलांद मुकागासाना या राजधानी किगाली येथील परिचारिका. या संहारात त्यांचे पती व तिन्ही मुले मारली गेली. पुढे त्या बेल्जियममध्ये गेल्या आणि १९९७ मध्ये त्यांचे आत्मकथन फ्रेंच भाषेत प्रसिद्ध झाले.

बेल्जियममधील लिएज या शहरातील ग्रुपोव्ह ही नाट्यसंस्था याच काळात या संहारावर नाटक रचीत होती. जाक देलकुव्हेलेरी यांनी दिग्दर्शित केलेला ‘रवांडा ९४’ हा सुमारे सहा तासांचा प्रयोग २००० साली पूर्ण स्वरूपात रंगमंचावर आला. त्याचा आरंभ मुकागासाना यांच्या साक्षीने होतो. त्या एका खुर्चीवर बसतात आणि आपली हकिकत सांगतात. आपण नटी नाही हे त्या प्रेक्षकांना आधीच सांगून टाकतात. त्यानंतर मृतांचा कोरस, संगीत, व्याख्यान, दूरचित्रवाणीचे विडंबन अशा विविध अंगांनी प्रयोग पुढे जातो. एका माणसाच्या कहाणीतून तो संहारामागील वसाहतकालीन राजकारण, ओळखपत्रांवरील जमातीची नोंद आणि युरोपीय सत्तांची भूमिका यांपर्यंत पोहोचतो.

या रचनेतील तीन गोष्टी अभ्यसनीय आहेत. पहिली : साक्षीला मर्यादा आहे. ती ठरलेल्या जागी सुरू होते आणि ठरलेल्या जागी संपते. मधे कोणी प्रश्न विचारीत नाही. काय सांगायचे आणि काय झाकायचे याचा अधिकार सांगणारीकडे राहतो. रोजच्या आयुष्यात अवेळी उसळणारी आठवण येथे ठराविक वेळी बोलावली जाते आणि ठराविक वेळी निरोप घेते. दुसरी : ती एकटी नाही. तिचे बोलणे संपल्यावर कोरस ते पुढे नेतो. ‘का घडले’ हे सिद्ध करण्याचा भार तिच्या खांद्यावरून उतरतो. ते काम प्रयोगाचा उर्वरित भाग करतो. तिसरी : प्रेक्षक निव्वळ रडून मोकळा होऊ शकत नाही, कारण प्रयोग त्याच्या स्वतःच्या देशाचा हिशेब मांडतो.

या नाटकाच्या उपशीर्षकातून सूचित होणारा हेतूही लक्षणीय आहे. मृतांप्रती प्रतीकात्मक भरपाई आणि तिचा उपयोग मात्र जिवंतांना, असा त्याचा आशय आहे. ‘उपचार’ हा शब्द तेथे नाही. २००४ मध्ये, संहाराला दहा वर्षे झाली तेव्हा, हा प्रयोग प्रत्यक्ष रवांडात झाला. युरोपीय प्रेक्षकाला जो हिशेब होता तो तेथील प्रेक्षकाला स्वतःचा शोक होता. प्रयोग बदलला नाही. ऐकणारे बदलले आणि प्रयोगाचा अर्थ बदलला.

दोरी लाउब या मनोविश्लेषकाने, जो स्वतः बालपणी नाझी संहारातून वाचला होता, १९९२ मध्ये असे प्रतिपादन केले की साक्ष ही सांगणाऱ्याच्या मनात तयार अवस्थेत नसते. ऐकणाऱ्याच्या सहभागाने ती घडते. ऐकणारा खरा नसेल तर सांगणे म्हणजे तोच आघात पुन्हा सोसणे होय. ‘रवांडा ९४’ हा अशा ऐकणाऱ्याची निर्मिती करण्याचा प्रयत्न होता, असे म्हणावे लागते.

५. झाडीपट्टीची सोंगे आणि जलशाची परंपरा

आता प्रश्न असा की खैरलांजीच्या परिसरात अशी रचना उपलब्ध नव्हती काय? वस्तुस्थिती उलट आहे. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर व गडचिरोली या धानाच्या पट्ट्यात लोकरंगभूमीची समृद्धी महाराष्ट्रात क्वचितच अन्यत्र आढळेल. दिवाळीनंतर धान घरी आले की गावोगाव मंडई भरते. दंडार, खडीगंमत, दंडीगान यांचे कार्यक्रम होतात आणि रात्रभर चालणाऱ्या नाटकांचा हंगाम सुरू होतो. लाखांदूरपासून जवळच असलेले वडसा हे या नाटक मंडळ्यांचे केंद्र. या पट्ट्यातील ज्येष्ठ रंगकर्मी परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री हा सन्मान लाभला. साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी झाडीबोली आणि येथील लोककला यांचा केलेला अभ्यास परिचित आहे.

दंडारीत नट ‘भूमिका’ करीत नाही. तो ‘सोंग’ घेतो. या शब्दाला दुहेरी धार आहे. सोंग म्हणजे धारण केलेले रूप आणि सोंग म्हणजे खोटेपणा. पहिल्या अर्थाने सोंग माणसाला मोकळीक देते. सोंग घेतलेला माणूस पाटलाला, सावकाराला, भटजीला भर मंडईत चार शब्द सुनावू शकतो आणि दुसऱ्या दिवशी त्याच गावात राहू शकतो. दुसऱ्या अर्थाने मात्र तेच सोंग वाचलेल्याच्या वाट्याला आरोप म्हणून येते. दुःखाचे सोंग करतो, पैशासाठी रडतो, ही कुजबुज कोणत्याही पीडिताला चुकत नाही. म्हणून वाचलेल्या माणसाला स्वतःच्याच दुःखाचे सोंग घ्यायला लावणे धोक्याचे आहे. मुकागासाना यांनी आपण नटी नसल्याचे सांगणे याच ठिकाणी अर्थपूर्ण ठरते. त्या रंगमंचाचा आधार घेतात, पण सोंग नाकारतात.

झाडीपट्टीच्या रंगभूमीची एक मर्यादाही मान्य करावी लागेल. तिचा प्रेक्षक सबंध गाव असतो. मारणाऱ्याचे नातलग, गप्प राहिलेले शेजारी आणि मेलेल्यांचे आप्त एकाच मांडवात बसतात. यात शक्यता आहे तशीच अडचणही आहे. ज्या गावाला साक्ष ऐकायची नाही त्या गावासमोर साक्षीचे नाटक लावणे ही सुरक्षिततेची पायरी ओलांडणे होय.

जलशाने ही अडचण वेगळ्या मार्गाने सोडविली होती. १९३० च्या दशकात नाशिकच्या भीमराव कर्डक यांनी आंबेडकरी जलशाला आकार दिला. त्यापूर्वी सत्यशोधक जलशांनी तमाशाचा साचा ठेवून आशय पालटला होता. जलसा प्रथम आपल्या लोकांसमोर होई. पाणवठा, शाळा, देऊळ, वेठ यांविषयीचा एकेकट्याचा अपमान संवादांतून सर्वांचा होई, आणि त्याचे कारण नाव घेऊन सांगितले जाई. झिलकरी सूर धरीत तेव्हा शाहीर एकटा उरत नसे. म्हणजेच ‘रवांडा ९४’ मधील कोरस जे काम करतो ते काम जलशातील साथीदार फार पूर्वीपासून करीत होते. रमाबाई नगरातील ११ जुलै १९९७ च्या गोळीबारानंतर चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. ही घटना याच विवेचनात दुसऱ्या टोकाला उभी राहते. दुसऱ्यांचे दुःख गाणाऱ्यालाही सावरणारे कोणी लागते. गाण्याने गाणारा वाचतोच असे नाही.

खैरलांजीनंतरही शाहिरी थांबली नाही. प्रज्ञा दया पवार यांच्या ‘धादांत खैरलांजी’ या नाटकाने हा विषय मराठी रंगभूमीवर आणला. परंतु या निर्मितीत आणि भैयालाल यांच्या साक्षीत नाते आहे ते विषयाचे. वाचलेल्या माणसाच्या कथनाला त्याच्या संमतीने, त्याच्या वेगाने आणि त्याच्या माणसांत रचना मिळणे ही निराळी प्रक्रिया आहे.

६. रसविचाराची कसोटी

भारतीय नाट्यविचारात या प्रश्नाला स्थान आहे. दुःखार्त, श्रमार्त आणि शोकार्त यांना नाट्य विश्रांती देईल, असे भरताने ‘नाट्यशास्त्रा’च्या पहिल्याच अध्यायात म्हटले आहे. ‘विश्रांती’ हा शब्द येथे नेमका आहे. तो बरे होण्याचे आश्वासन देत नाही. ओझे काही वेळ खाली ठेवण्याची जागा देतो. तथापि ही विश्रांती प्रेक्षकाची आहे. नंतरच्या रसमीमांसेतील साधारणीकरणाची कल्पनाही प्रेक्षकाच्या बाजूची आहे : शोक व्यक्तिगत संबंधांपासून सुटतो आणि आस्वाद्य होतो.

शोक ज्याचा आहे त्याने तो आस्वाद्य का होऊ द्यावा, हा दलित साहित्यविचाराचा आक्षेप आहे. शरणकुमार लिंबाळे यांनी ‘दलित साहित्याचे सौंदर्यशास्त्र’ (१९९६) या ग्रंथात आनंदवादी कलामूल्यांना दिलेला नकार या भूमिकेचा प्रातिनिधिक आविष्कार होय. वेदनेने रसिकाला आनंद व्हावा हे अभिप्रेत नाही. त्याने अस्वस्थ व्हावे हे अभिप्रेत आहे. प्रस्तुत विषयाच्या संदर्भात ही भूमिका आणखी एक पाऊल पुढे नेता येते. प्रेक्षकाची अस्वस्थता ही सांगणाऱ्याची विश्रांती होऊ शकते, कारण तोवर एकट्याने वाहिलेले ओझे त्या क्षणी दुसऱ्याकडे जाते. भरताची विश्रांती आणि दलित साहित्याचा विद्रोह यांत वाटतो तेवढा विरोध नाही. विश्रांती कोणाला आणि कोणाच्या मोबदल्यात, हा खरा प्रश्न आहे.

७. समारोप

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष संभवतात.

(१) संहारातून वाचलेल्याचे कथन हे आपोआप उपचार ठरत नाही. सुरक्षितता नसेल आणि ऐकणारा खरा नसेल तर ते खपली काढण्याचेच काम करते.

(२) न्यायालय, सभा आणि रंगमंच ही कथनाची तीन भिन्न रूपे आहेत. न्यायालय कथेची सत्यता तपासते, सभा तिचा प्रसार करते, रंगमंच तिला आरंभ, अंत आणि साथ देऊ शकतो. एकाचे काम दुसऱ्याने होत नाही. रंगमंचामुळे न्याय मिळत नाही, हेही तितकेच खरे.

(३) ‘काय घडले’ यासोबत ‘का घडले’ हे मान्य झाल्याविना सांगणारा सावरत नाही. खैरलांजीच्या साक्षीला हीच मान्यता न्यायालयात लाभली नाही.

(४) झाडीपट्टीची सोंगे आणि आंबेडकरी जलसा यांत अशा कथनाला आधार देणारी अंगे आहेत. परदेशी नाट्योपचाराच्या पद्धती तशाच्या तशा उचलण्यापूर्वी त्यांचा अभ्यास होणे इष्ट आहे. मात्र वाचलेल्या माणसाला नट बनविण्याचा अट्टहास कोणीही करू नये. गप्प राहण्याचा अधिकार हा कथनाच्या अधिकाराचाच भाग आहे.

भैयालाल भोतमांगे यांनी दिलेली साक्ष आज न्यायालयीन कागदपत्रांत, वृत्तपत्रांच्या जुन्या अंकांत आणि ज्यांनी ती ऐकली त्यांच्या स्मरणात विखुरलेली आहे. भंडारा जिल्ह्यात मराठी शिकविणाऱ्या आणि शिकणाऱ्यांपुढे ती संकलित करण्याचे, तिच्या भाषेची आणि क्रमाची नोंद घेण्याचे काम आहे. सांगणारा आता उरलेला नाही. ऐकणाऱ्यांचे उत्तरदायित्व मात्र त्याच्यासोबत संपलेले नाही.